दोन खोल्या वगळून

माझ्या भावाच्या एकसष्टीला त्याच्या कार्यकर्त्यांनी त्याच्यावर एक जाड पुस्तक काढलं. गुळगुळीत कागद, पानोपानी फोटो. त्यात 'थोरल्या बहिणीच्या नजरेतून' म्हणून दोन पानं माझ्या नावावर छापलेली आहेत. ती मी लिहिलेली नाहीत. मला कुणी विचारलंही नाही. त्या पानांत मी म्हणते की तो लहानपणापासून अन्यायाविरुद्ध पेटून उठायचा. लहानपणी तो शेंबडा होता आणि माझ्या कडेवरून खाली उतरायचा नाही. मला एवढंच आठवतं.

मी चौथीपर्यंत शिकले. लग्न होऊन कोथरूडला आल्यावर वाचायची सवय लागली, कारण नवरा कारखान्यात जाताना पेपर घरी ठेवून जायचा आणि दुपारी बोलायला कुणी नसायचं. त्या बळावर हे लिहिते आहे. भाऊ वकील कसा झाला, नगरसेवक कसा झाला आणि त्यात माझ्या चुलतबहिणीच्या दोन खोल्यांचं काय झालं, एवढंच मला सांगायचं आहे.

आमचं गाव पुण्याच्या पूर्वेला, नदीच्या काठावर. आता ते महापालिकेत आहे आणि तिथे कामाला येणारी मुलं त्याला कंपनीच्या गेटच्या नंबरावरून ओळखतात. तेव्हा तिथे भाजीपाला व्हायचा. वडील आणि चुलता यांची जमीन एकत्र होती. मी दहा वर्षांची असताना चुलतीला मुलगी झाली आणि त्यातच ती गेली. माझा भाऊ तेव्हा तीन महिन्यांचा होता. आईनं दोघांना पाजलं आणि दोघांना माझ्या कडेवर देऊन ती शेतात गेली. माझी शाळा तिथे संपली. मास्तर घरी आले होते. आई म्हणाली, "ही दोन पोरं तुम्ही सांभाळा, हिला मी उद्यापासून पाठविते." मास्तर पुन्हा आले नाहीत.

भाऊ शिकला. चुलतबहिणीला शाळेत घालायचं कुणाच्या डोक्यातच आलं नाही. ती म्हशी सांभाळायची. तो सायकलवरून शहरात कॉलेजला जायचा, तेव्हा ती पहाटे उठून त्याचा डबा बांधायची. तिचं लग्न खडकवासल्याच्या पलीकडे एका गावात झालं होतं, पण नवरा पाच वर्षांत वारला, मूल नव्हतं, सासरच्यांनी आणून सोडली. चुलत्यानं तिला आपल्या दोन खोल्यांत ठेवून घेतलं. पुढे चुलताही गेला. दोन खोल्या, मागे गोठा, बाजूला शेवग्याचं झाड. त्या खोल्या शेताच्या अगदी टोकाला होत्या.

भाऊ वकील झाला तेव्हा त्याचा पहिला काळा कोट जुन्या बाजारातून आणलेला होता. बाह्या बोटांच्या खाली यायच्या. चुलतबहिणीनं त्या आत दुमडून टाके घातले आणि तांब्यात निखारे घालून कोटाला इस्त्री केली. शिवाजीनगरच्या कोर्टात त्याला बसायला स्वतःचं टेबल नव्हतं. दुसऱ्याच्या टेबलाच्या कोपऱ्यावर फायली ठेवायचा. दहा-बारा वर्षं त्याच्याकडे बांधाच्या भांडणांशिवाय काही आलं नाही. पण तो हुशार होता. आणि तेव्हा सरळही होता, हे मी सांगितलंच पाहिजे. गावाच्या स्मशानाची जागा एका माणसानं कुंपण घालून बळकावली होती. ती केस भावानं एक पैसा न घेता लढवली आणि जागा सोडवून आणली. तेव्हापासून त्याला गावात नावानं कुणी हाक मारली नाही. वकीलसाहेब म्हणायचे. आईसुद्धा म्हणायची, "वकीलसाहेब, जेवायला या." हसत म्हणायची, पण म्हणायची.

मग ती वर्षं आली. पांढऱ्या शर्टातली माणसं गाड्या घेऊन गावात येऊ लागली, शेताच्या कडेला उभी राहून हातवारे करू लागली. कॉम्प्युटरच्या कंपन्या येणार असं ऐकू यायचं. कॉम्प्युटर कुणी पाहिला नव्हता, पण जमिनीचा भाव सगळ्यांना कळत होता. जमीन घेणाऱ्याला एकच अडचण असायची. सातबाऱ्यावर बहिणींची नावं असायची. बाप मेला की मुलांबरोबर मुलींची नावं लागतात, आणि मग त्या दहा गावांत दिलेल्या असतात. एकीनं जरी सही नाही केली तरी व्यवहार अडतो. भाऊ एकदा मला म्हणाला, "अक्का, जमीन घेणाऱ्याला साप-विंचवाची भीती वाटत नाही. बहिणींची वाटते."

आमच्याकडे बहिणी हक्कसोड करून देतात. म्हणजे रजिस्टर ऑफिसात जाऊन लिहून द्यायचं की बापाच्या जमिनीतला माझा हिस्सा मी भावाला राजीखुशीने सोडला. भाऊ साडीचोळी करतो, जेवायला घालतो, आणि बहीण समजते की माहेर राहिलं. जी सही करत नाही तिला माहेरी पाणीसुद्धा कुणी विचारत नाही. मी स्वतः सगळ्यात आधी सही केली. मला त्यात काही वावगं वाटलं नाही. सगळ्या करतात, मी केली.

भावाकडे गावातल्या सगळ्या हक्कसोडी येऊ लागल्या. पण बायका वकिलाला भितात. काळा कोट घालून कुणी दारात आलं की त्यांना वाटतं, घरातलं कुणीतरी तुरुंगात जाणार. म्हणून भाऊ मला पाठवायचा. मी बसनं जायची. कुठे चाकणकडे, कुठे यवतकडे, कुठे विश्रांतवाडीला. गावातली लेक म्हणून मला सगळ्या ओळखायच्या. चहा व्हायचा, रडणं व्हायचं, आईची आठवण निघायची, आणि मग मी म्हणायची, "अगं, एक सही तर आहे. सोमवारी ये, मी असते तिथे." मी तिथे असायची. रजिस्टर ऑफिसात ओळख पटवायला साक्षीदार लागतो. कारकून विचारायचा, "हीच का ती बाई?" मी म्हणायची, "हीच." कारकून वर न बघता विचारायचा, "कागद वाचला का? समजला का? राजीखुशीने का?" बाई माझ्याकडे बघायची आणि म्हणायची, "व्हय." अशा किती बायका मी नेल्या ते मी मोजलं नाही.

आमच्या जमिनीचा व्यवहार ठरला तेव्हा अडचण चुलतबहिणीची होती. चुलत्याला मुलगा नव्हता. ती एकटीच वारस. म्हणजे अर्धी जमीन तिची. हे भावाला माहीत होतं, मलाही अर्धवट कळत होतं. तिला माहीत नव्हतं. ती स्वतःला बहीण समजत होती, आणि बहिणी सोडतात. तिनं फक्त एक गोष्ट सांगितली.

"जमीन घे म्हणावं त्याला, मला काय करायचीय. पण माझ्या दोन खोल्या मला ऱ्हाऊ दे. त्या मोडायच्या न्हाईत."

मी भावाला सांगितलं. तो म्हणाला, "हो, हो. तसं लिहून घेऊ. दोन खोल्या वगळून."

सहीच्या दिवशी ती नवं लुगडं नेसून आली होती. ऑफिसात गर्दी होती. जमीन घेणारा बाहेर गाडीत बसला होता. भावानं कागद माझ्या हातात दिला आणि तो खिडकीजवळ कुणाशी तरी बोलत उभा राहिला. तिनं मला विचारलं, "अक्का, वाच की. खोल्यांचं लिवलंय का?"

मी वाचला. मी सावकाश वाचते, पण वाचते. गटनंबर होता, चतुःसीमा होत्या, मग 'तरु, तृण, काष्ठ, पाषाण, जल' असं एखाद्या स्तोत्रासारखं लांबलचक होतं. मी 'वगळून' हा शब्द शोधत होते. पहिल्या पानावर नव्हता. दुसऱ्या पानावर नव्हता. शेवटी सह्यांच्या रेघा आल्या. मी उठून भावाकडे गेले.

"अरे, खोल्यांचं नाहीये यात."

तो बोलणं न थांबवता म्हणाला, "पुढच्या कागदात घेऊ. आता बदलला तर सगळं पुन्हा टाइप करावं लागेल, आजची वेळ जाईल."

मी परत येऊन बाकावर बसले. तिनं माझ्याकडे पाहिलं. मी म्हणाले, "लिहिलंय."

तिनं अंगठा दिला. कारकुनानं विचारलं तेव्हा ती म्हणाली, "व्हय. आमच्या अक्कानं वाचलाय."

मी तसं का केलं, याचं उत्तर मी बरीच वर्षं वेगवेगळं देत आले. गर्दी होती. भावावर विश्वास होता. खरं सांगायचं तर माझा थोरला मुलगा तेव्हा घरी बसून होता, आणि भावानं सांगितलं होतं की कंपन्या आल्या की त्यांची माणसं ने-आण करायला गाड्या लागतील, ते काम त्याला मिळवून देतो. ते त्यानं दिलं. शब्दाला तो पक्का होता, ज्याला द्यायचा त्याच्या बाबतीत.

पुढचा कागद कधी झाला नाही. मी दोनदा विचारलं. एकदा तो म्हणाला, "होईल." दुसऱ्यांदा म्हणाला, "तिला कुणी उठवतंय का? मग?" मी पुन्हा विचारलं नाही.

मग गाव महापालिकेत गेलं. ग्रामपंचायतीचा बोर्ड निघाला आणि निवडणूक लागली. भाऊ उभा राहिला. तेव्हा मला कळलं की मी इतकी वर्षं काय करत होते. ज्या बायकांना मी सहीला नेलं होतं, त्यांच्या भावजया, चुलत्या, भाचेसुना गावातच होत्या. त्या मला विचारायच्या, "अक्का, कुणाला द्यायचं?" मी सांगायची. तो निवडून आला. पेढे वाटले, गुलाल उधळला, चुलतबहिणीनं दारात त्याला ओवाळलं. तो खाली वाकून तिच्या पाया पडला, तेव्हा फोटो काढणारे पुढे धावले. तो फोटो त्या पुस्तकात आहे.

नगरसेवक म्हणून त्यानं काम केलं नाही असं नाही. शाळा दहावीपर्यंत नेली. उघडी गटारं बंद केली. मुळात तो कामाचा माणूस. पण हळूहळू त्याच्याकडे येणारी माणसं बदलली. आधी बाकावर गावकरी असायचे, मग आत सोफ्यावर बांधकामवाले बसू लागले आणि गावकरी बाकावरच राहिले. कोट गेला, पांढरे कपडे आले. पहिल्यांदा अपक्ष होता, मग एका पक्षात गेला, मग दुसऱ्या. कायदा त्याला माहीत होता, त्यामुळे कुठल्या कागदावर सही करायची नाही हेही माहीत होतं.

आमच्या शेतात काचेची इमारत उभी राहिली. आठ मजले, रात्रंदिवस दिवे. तिच्या पायाशी चुलतबहिणीच्या दोन खोल्या आणि गोठा. कंपनीतली मुलं गळ्यात पट्टे अडकवून चहाला बाहेर यायची, तिच्या म्हशीचे फोटो काढायची. ती म्हणायची, "काढा की. तिला काय, ती लाजत न्हाई."

काही वर्षांनी शेजारी दुसरी इमारत काढायची ठरली, आणि तळघरातल्या पार्किंगमध्ये गाड्या खाली उतरवायचा रस्ता नेमका त्या खोल्यांवरून जात होता. एक माणूस नकाशा घेऊन आला आणि म्हणाला, "मावशी, ही जागा कंपनीची आहे. महिन्याभरात मोकळी करा."

ती दोन बस बदलून माझ्याकडे कोथरूडला आली. प्लास्टिकच्या पिशवीत त्या कागदाची नक्कल होती. चपला काढायच्या आधीच म्हणाली, "अक्का, ते म्हणत्यात ह्यात माझ्या खोल्या न्हाईत. तू वाचला व्हता ना?"

मी म्हणाले, "भावाला विचारते."

हे माझं दुसरं खोटं. विचारण्यासारखं काही नव्हतं. ती म्हणाली, "इचार." चहा न घेता गेली.

भावाला मी विचारलं. तो म्हणाला, तिला फ्लॅट देऊ. हडपसरच्या पलीकडे, चौथ्या मजल्यावर. तिला सांगितलं तर ती म्हणाली, "म्हस जिन्यानं चढंल का?" फ्लॅट तिनं घेतला नाही.

त्यानंतर ती दर मंगळवारी त्याच्या ऑफिसात जाऊन बसू लागली. मंगळवारी तो लोकांच्या तक्रारी ऐकायचा. चिठ्ठी घ्यायची, नंबर आला की आत जायचं. एकदा मीही तिच्याबरोबर गेले. टेबलावरच्या कार्यकर्त्यानं विचारलं, "विषय?"

"घर."

"घराचा विषय शुक्रवारी, आजी. मंगळवारी रस्ते, गटार, पाणी."

"मग शुक्रवारी येते."

"शुक्रवारी साहेब नसतात."

बाकावरची माणसं हसली. तीही हसली. तरी बसून राहिली. दुपारी भाऊ बाहेर आला, तेव्हा ती उठून उभी राहिली आणि नमस्कार करून म्हणाली, "वकीलसाहेब, तुमच्या कोटाच्या बाह्या मी दुमडल्या व्हत्या. आता माझं घर कोण दुमडाया लागलंय ते बघा जरा." भाऊ हसून म्हणाला, "काय हे, घरचं घरी बोलू की," आणि गाडीत बसून गेला. घरी तो कधी बोलला नाही.

तिनं कोर्टात जायचं ठरवलं. एकही वकील केस घ्यायला तयार होईना. सगळे त्याला ओळखत होते, त्यांनी त्याच्याबरोबर चहा घेतलेला होता. शेवटी विश्रांतवाडीची एक तरुण वकील मिळाली. तिचे आजोबा धम्म घेतलेल्या पहिल्या पिढीतले, रेल्वेत होते. ती वकील मुलगी मोजकं बोलायची. तिनं कागद वाचला आणि चुलतबहिणीला म्हणाली, "आजी, तुमच्या फक्त खोल्या नव्हत्या. अर्धी जमीन तुमची होती. ती आता परत मिळणं अवघड आहे. खोल्या वाचवायचा प्रयत्न करू." चुलतबहीण म्हणाली, "अर्धीचं मला सांगू नगस. झोप जाईल. खोल्यांचं बघ."

कोर्टानं निकाल लागेपर्यंत खोल्या पाडायला मनाई केली. मनाई पाडायला होती. नळाला नव्हती. पंधरा दिवसांत तिचा नळ बंद झाला. पाइपलाइनचं काम आहे असं सांगितलं. काचेच्या इमारतीत खडकवासल्याचं पाणी आठव्या मजल्यावर चढत होतं, आणि जमिनीवरच्या तोटीला थेंब येत नव्हता. गटार तुंबलं, ते उपसायला कुणी आलं नाही. ती पुन्हा मंगळवारी जाऊन बसली. कार्यकर्त्यानं विचारलं, "विषय?" ती म्हणाली, "पाणी. आज मंगळवारच हाय न्हवं?" त्यानं चिठ्ठी घेतली. पाणी आलं नाही. तिनं दोन म्हशी विकल्या, एक ठेवली.

वकील मुलगी माझ्याकडे आली. सोफ्याच्या कडेला बसून म्हणाली, "आजी, कागद तुम्ही वाचलात असं त्या सांगतात. तुम्ही काय वाचलंत आणि त्यांना काय सांगितलंत, एवढंच कोर्टात सांगायचं." मी म्हणाले, विचार करते. ती म्हणाली, "करा. पण हे सांगणारं तुमच्याशिवाय कुणी नाही."

चौथ्या दिवशी भाऊ आला. ड्रायव्हरला खाली ठेवून तो एकटाच जिने चढून आला. धापा टाकत होता. मी पाणी दिलं.

"अक्का, तू साक्ष देणार म्हणे."

"अजून ठरवलं नाही."

"ठरवायचं काय त्यात? आठवत नाही म्हण. पंधरा वर्षं झाली. या वयात कुणाला आठवतं?"

"मला आठवतं."

"आठवत नाही हे खोटं ठरत नाही. ते कुणी सिद्ध करू शकत नाही."

"म्हणजे सिद्ध झालं नाही की खोटं नाही?"

"कायद्यात नाही."

"तुला वकील केला तेव्हा कळायला पाहिजे होतं," मी म्हणाले.

तो हसला नाही. ग्लास खाली ठेवून म्हणाला, "आणि तू सांगणार काय? मी तिला फसवलं? मी तिला एक शब्द बोललो नव्हतो. आठवून बघ. मी खिडकीपाशी होतो. 'लिहिलंय' असं तू म्हणालीस. तुझी अब्रू जाईल, माझी नाही. मी कोर्टात म्हणेन, अक्का तिला काय बोलली मला माहीत नाही. आणि ते खरं आहे."

मी आठवून बघितलं. खरंच होतं. दोन खोल्यांचं वचन त्यानं मला दिलं होतं, तिला मी. कागदाबद्दल तो मला बोलला होता, तिला मी. त्या दिवशी दोन हात अंतरावर उभा असून त्यानं तिच्याकडे पाहिलंही नव्हतं. मी त्याला इतकी वर्षं घाईतला माणूस समजत होते. तो घाईत नव्हता.

"तुझ्या पोराच्या चार गाड्या कंपनीत चालतात," तो उठता उठता म्हणाला.

"म्हणजे?"

"म्हणजे काही नाही. चालतात, एवढंच म्हणालो."

तो गेल्यावर मी मुलाला सगळं सांगितलं. कागदाचंही सांगितलं. तो म्हणाला, "आई, मावशीचं वाईट झालं, मान्य आहे. पण ते होऊन गेलं ना? माझे हप्ते होऊन गेलेले नाहीत." त्याच्या बोलण्यात चूक नव्हती. त्याला दोन मुलं आहेत. चार दिवस गेले. मी काही फार मोठा विचार केला असं नाही. मला सारखं एवढंच दिसायचं की मी साक्ष दिली नाही तर तिच्या खोल्या पडतील, आणि मला पुन्हा एकदा तिला काहीतरी सांगावं लागेल.

मी वकील मुलीला फोन करून हो म्हणाले.

माझं म्हणणं आधी कागदावर लिहून घेतलं होतं. कोर्टात भावाच्या वकिलानं उलटतपास घेतला. सभ्य माणूस होता, प्रत्येक वाक्याला आपण म्हणायचा.

"आपलं शिक्षण?"

"चौथी."

"कायद्याच्या भाषेतला कागद आपल्याला समजतो?"

"सगळा नाही समजत. त्यात दोन खोल्या नाहीत एवढं समजलं."

"आपण त्यांना तेव्हा 'लिहिलंय' असं सांगितलंत, असं आपलं म्हणणं. आपल्याला तसं सांगायला कुणी सांगितलं होतं?"

"नाही."

"म्हणजे आपण स्वतःहून खोटं बोललात."

"हो."

"जी व्यक्ती तेव्हा स्वतःच्या बहिणीशी खोटं बोलली, ती आज खरं बोलते आहे हे कोर्टानं कशावरून मानायचं?"

मी म्हणाले, "तेव्हाच्या खोट्यानं माझं भलं झालं. आज खरं बोलून माझं नुकसान होणार आहे. त्यावरून मानायचं तर मानावं."

न्यायाधीश म्हणाले, "बाई, विचारलं तेवढंच सांगा." पण त्यांनी ते लिहून घ्यायला सांगितलं. भाऊ मागच्या रांगेत बसला होता. माझं बोलणं चालू असताना तो मोबाइलमध्ये बघत होता. बाहेर आल्यावर सगळे त्याला नमस्कार करत होते. माझ्याजवळून जाताना तो थांबला आणि म्हणाला, "जेवलीस का?" मी म्हणाले, "नाही." तो म्हणाला, "वेळेवर जेवत जा," आणि गेला. त्यानंतर आम्ही बोललेलो नाही.

नुकसान व्हायचं ते झालं. पहिल्या महिन्यात मुलाच्या दोन गाड्या बंद केल्या, तीन महिन्यांत चारही. त्यानं दोन विकल्या. आता तो विमानतळाची भाडी मारतो. माझ्याशी कामापुरतं बोलतो. सून ताट वाढते आणि आत जाते. पुढच्या निवडणुकीत भाऊ आधीपेक्षा जास्त मतांनी निवडून आला. सोसायट्यांतल्या लोकांना हक्कसोड म्हणजे काय तेच माहीत नाही. त्यांना रस्ता पाहिजे, तो त्यानं केला. केस अजून चालू आहे. वकील मुलगी म्हणते, माझ्या साक्षीमुळे मनाई टिकली, निकालाचं सांगता येत नाही.

गेल्या महिन्यात मी चुलतबहिणीकडे गेले. साक्षीनंतर पहिल्यांदाच. काय बोलायचं ते बसमध्ये ठरवत होते. ती दारातच भेटली, डोक्यावर पदर खोचून, दोन्ही हातांत भांडी.

"आलीस? बरं झालं. ती कळशी घे. टँकर आलाय. दोघी असलो म्हंजी दोन नंबर मिळत्यात."

कोपऱ्यावर टँकर उभा होता. मागच्या बाजूला माझ्या भावाचा हात जोडलेला मोठा फोटो, आणि खाली लिहिलेलं, नगरसेवकांच्या सौजन्याने मोफत पाणी. झोपडपट्टीतल्या आणि बांधकामावरच्या बायका रांगेत होत्या. मी पुढे सरकायला लागले तर एकजण ओरडली, "ओ आजी, लाइन मागून हाय!" मी मागे गेले. चुलतबहीण पुढे उभ्या असलेल्या बाईला माझ्याकडे बोट दाखवून म्हणाली, "ही नगरसेवकाची सख्खी बहीण." बाई म्हणाली, "मग हितं कशाला?" चुलतबहीण म्हणाली, "तेच म्हणते मी."

सहीच्या दिवशी मी 'लिहिलंय' असं का म्हणाले, हे तिनं मला कधीच विचारलेलं नाही, टँकरच्या दिवशीही विचारलं नाही. विचारलं तर द्यायला माझ्याकडे उत्तर आहे, पण ते चांगलं नाही.

आमचा नंबर आला. पाइप जाड होता, पाणी जोरात यायचं, अर्धं बाहेर सांडलं. मी भरलेली कळशी कमरेवर घेतली. सत्तरी ओलांडली आहे, दोनदा खाली ठेवावी लागली. तिच्या दारापर्यंत आले. दाराला लागूनच आता गाड्या खाली उतरायचा डांबरी रस्ता आहे, खोल्यांना वळसा घालून काढलेला, त्यावर पिवळे पट्टे मारलेले आहेत. दम लागला होता म्हणून मी कळशी दाराबाहेर टेकवायला वाकले.

"तिथं नगं ठेवू," ती मागून म्हणाली. "उंबऱ्याच्या आत ठेव. भाईर त्यांचं हाय."